लुसर्नचा माउंट पिलाटस: टूरच्या यादीत 'ऑप्शनल' लिहिलेलं असलं तरी हा डोंगर सोडू नका (सोलापूरकरांसाठी सविस्तर रिव्ह्यू)

जुळे सोलापुरात आमच्या आजूबाजूची बरीच मंडळी हल्ली उन्हाळ्यात युरोप टूर करायलीत, आणि आम्ही जाऊन आल्यापासनं फोनवर एकच प्रश्न असतो, स्वित्झर्लंडमध्ये बर्फाचे दोन प्रसिद्ध डोंगर, त्यातला टिटलिस करायचा का युंगफ्राऊ? प्रत्येकाला वेगवेगळं सांगत बसण्यापेक्षा एकदाच नीट लिहिते. माझं उत्तर या दोन्हीपैकी एकही नाही. माझं उत्तर माउंट पिलाटस. लुसर्न शहराच्या अगदी उशाला उभा असलेला २१२८ मीटर उंचीचा डोंगर, आणि त्यावर जाणारी कॉगव्हील रेल्वे (म्हणजे दात्यांच्या रुळावर चाक अडकवून चढणारी गाडी), उतरायला केबल कार, सगळं मिळून जी गोल ट्रिप होते तिला तिथे गोल्डन राउंड ट्रिप म्हणतात. त्या ट्रिपला माझ्याकडनं पाचपैकी पाच, आणि का ते खाली सगळं लिहिलंय, वाचायला वेळ लागेल पण वाचा, कारण एवढा पैसा खर्च करून आपण जातो तर नुसतं फोटो काढून परत यायचं याला काय अर्थ आहे.

आधी एक स्पष्ट सांगते. बर्फात लोळायचं, बर्फाचे गोळे फेकायचे एवढीच हौस असेल तर उन्हाळ्यात पिलाटसला जाऊ नका, तिथे हिमनदी नाही, आम्ही जूनमध्ये गेलो तेव्हा सावलीच्या बाजूला थोडे पांढरे पट्टे राहिले होते तेवढेच. बर्फ पाहिजे तर टिटलिस ३००० मीटरच्या वर आहे, युंगफ्राऊचं वरचं स्टेशन युंगफ्राऊयोख तर ३४५४ मीटरवर, तिथे बारा महिने बर्फ मिळतो. पण आमच्या सासूबाईंना (आम्ही आत्या म्हणतो त्यांना) बीपीचा त्रास, तेवढ्या उंचीवर दम लागला तर काय करायचं ही धास्ती होती, आणि पिलाटसचा माथा त्या मानाने बेताचा, त्यामुळे त्यांना वर काहीसुद्धा त्रास झाला नाही. घरात वयस्कर माणूस असेल तर हा मुद्दा लक्षात ठेवा, अर्थात डॉक्टरला विचारूनच.

आमच्या टूर कंपनीने (नाव घेत नाही) पिलाटस 'ऑप्शनल' म्हणून टाकला होता, म्हणजे जादा पैसे भरा आणि दुपारी केबल कारने वर जा, फोटो काढा, केबल कारने खाली या, सगळं मिळून दोन-अडीच तासात. कॉगव्हील रेल्वे नाहीच त्यात. मी मॅनेजरला म्हटलं, दादा, जगातली सगळ्यात उभ्या चढाची कॉगव्हील रेल्वे त्या डोंगरावर आहे आणि तीच तुम्ही गाळता होय, तर म्हणाले वेळ बसत नाही मॅडम. मग आम्ही त्यांचं पॅकेज घेतलंच नाही, लुसर्नला आमचा जो मोकळा दिवस होता तो अख्खा पिलाटसला दिला आणि सगळं स्वतः केलं. अवघड काहीच नाही, बोट, रेल्वे, केबल कार, बस सगळं एकमेकांना जोडलेलं आहे, पाट्या आहेत, इंग्रजी सगळीकडे चालतं.

पण त्याच्या आधी, आदल्या संध्याकाळी लुसर्नमध्ये फिरा आणि नुसता खालून तो डोंगर बघा. हे मला कुणी सांगितलं नव्हतं, आम्हाला आपोआप घडलं. लुसर्नचा तो जुना लाकडी पूल आहे ना, कापेलब्र्युके, चौदाव्या शतकातला, १९९३ साली आगीत त्याचा मोठा भाग जळाला आणि तो त्यांनी परत बांधला, त्या पुलाजवळ उभं राहिलं की मागे पिलाटस. तळ्याकाठच्या बाकावर बसलं की पिलाटस. हॉटेलच्या खिडकीतनं पडदा सरकवला की पिलाटस. दुकानांच्या पाट्यांवर, चॉकलेटच्या डब्यावर तोच. शेजारच्या स्टान्स गावात विमानाचा कारखाना आहे त्याचंही नाव पिलाटसच, आणि हे वाचून मला फार बरं वाटलं की आपल्या एअर फोर्सची मुलं सुरुवातीचं ट्रेनिंग ज्या पीसी-७ विमानावर घेतात ते याच कंपनीचं, २०१२ साली भारताने ७५ विमानांची ऑर्डर दिली होती. आपण सोलापूरकर सपाटीवरची माणसं, आपल्याकडे गावाची खूण म्हणजे सिद्धेश्वराचं तळं, भुईकोट किल्ला, जुन्या मिलच्या चिमण्या, डोंगर बघायचा तर गाडीत बसून लांब जावं लागतं. त्यामुळे गावाला स्वतःचा डोंगर असणं आणि रोज सकाळी दार उघडून तो दिसणं म्हणजे काय हे मला तिथे पहिल्यांदा कळलं.

आणि त्या लोकांचं हवामान खातंच आहे तो. आमच्या हॉटेलच्या रिसेप्शनवर एक वयस्कर बाई होत्या, त्यांना विचारलं उद्या वर जाऊ का, तर त्यांनी मोबाइल बघितलाच नाही, सरळ दारात येऊन डोंगराकडे मान वर केली आणि म्हणाल्या, टोपी आहे, जा. मग समजावून सांगितलं, तिकडे एक जुनी म्हण आहे जर्मनमध्ये, पिलाटसच्या डोक्यावर ढगाची टोपी असेल तर हवा चांगली राहणार, गळ्याशी ढगाची कॉलर असेल तर जायला हरकत नाही पण जपून, आणि ढगाचा लांब पट्टा तलवारीसारखा आडवा निघाला असेल तर पाऊस ठरलेला. पोराबाळांना सगळ्यांना पाठ असते म्हणे. त्यामागे कारणही आहे, तळ्यावरची दमट हवा डोंगराला धडकून वर चढते, वर गार होते आणि माथ्यावर ढग धरतो, बाकी आकाश स्वच्छ असताना तेवढाच छोटा ढग असेल तर हवा ठीक आहे असं समजायचं. आत्यांना हे इतकं पटलं, त्या लगेच म्हणाल्या, आपल्या गड्ड्याच्या यात्रेत वासराची भाकणूक बघतात ना पावसासाठी, तसं हे लोक डोंगराची बघतात. मला त्यांचं हे बोलणं फार आवडलं. पावसावर ज्याचं पोट त्याला कुठंतरी बघूनच अंदाज घ्यावा लागतो, मग गाव सोलापूर असो नाहीतर लुसर्न.

दुसऱ्या दिवशी सकाळी लुसर्न स्टेशनसमोरच्या धक्क्यावरनं बोट पकडली. कॉगव्हील रेल्वे जिथनं सुटते त्या आल्पनाखस्टाडला जायला बोटीने साधारण दीड तास लागतो, लोकल ट्रेनने वीसेक मिनिटं. घाई असेल तर ट्रेन, पण माझा सल्ला बोटच. स्विस ट्रॅव्हल पास (तिथल्या रेल्वे, बस, बोटींना चालणारा पर्यटकांचा एकत्र पास) असेल तर तळ्यावरच्या नेहमीच्या फेऱ्यांना वेगळं तिकीट नाही, आणि बोटीतनं पिलाटसची अंगं एक-एक करून दिसत जातात, लुसर्नकडनं काळा, कातळाचा, दातेरी दिसतो आणि वळसा घालून मागच्या बाजूला गेलं की तोच डोंगर हिरवा, कुरणांचा, गाईंचा. सकाळी डेकवर वारा लई गार लागतो, शाल जवळ ठेवा. आम्ही आपली सोलापुरी चादर नेली होती बॅगेत, आत्यांनी ती अंगावर घेतली तर शेजारचं एक परदेशी जोडपं हात लावून लावून बघत होतं, विणकाम आहे का प्रिंट आहे विचारत होतं, मी सांगितलं विणलेली आहे, दोन्हीकडनं डिझाइन दिसतं बघा, आमच्या गावची आहे.

आल्पनाखस्टाड म्हणजे तळ्याकाठचं छोटंसं स्टेशन. उंची समुद्रसपाटीपासनं ४४० मीटरच्या आसपास. आता गंमत बघा, आपलं सोलापूरही जवळपास तेवढ्याच उंचीवर आहे, साडेचारशे मीटरच्या आसपास. म्हणजे सोलापूरच्याच पातळीवरनं तुम्ही गाडीत बसता आणि अर्ध्या तासात १६०० मीटरहून जास्त वर चढून जाता. आपलं कळसूबाई, महाराष्ट्रातलं सगळ्यात उंच शिखर, ते १६४६ मीटर. तेवढी चढण एका बैठकीत, तीसुद्धा फक्त साडेचार किलोमीटरच्या रुळावर.

या रेल्वेबद्दल मला जरा जास्त लिहायचंय, कारण सगळ्या ट्रिपचा जीव तीच आहे. आपण सगळे सिद्धेश्वर एक्सप्रेसने मुंबईला जाणारे लोक, येताना कर्जतला मागे जादा इंजिनं लावतात आणि मग गाडी खंडाळ्याचा घाट चढते हे आपल्याला लहानपणापासनं माहीत. तो चढ ३७ मीटरला १ मीटर, आणि त्यालाच एवढी ढकलाढकली. उटीची निलगिरी रेल्वे दात्यांच्या रुळावर चालते, तिचा जास्तीत जास्त चढ १२ ला १. आणि पिलाटसचा जास्तीत जास्त चढ ४८ टक्के, म्हणजे जवळजवळ दोनला एक. दोन मीटर पुढे गेलं की एक मीटर वर. कागदावर वाचून डोळ्यासमोर येत नाही, तिथे उभं राहून रूळ वर जाताना बघितला की छातीत धडकी भरते.

१८८९ साली ही गाडी सुरू झाली, वाफेवर. एडुआर्ड लोखर नावाच्या स्विस इंजिनियरने ती बांधली, आणि त्याच्यापुढचा प्रश्न असा होता की नेहमीच्या कॉगव्हीलमध्ये रुळांच्या मधल्या पट्टीचे दाते वर तोंड करून असतात आणि इंजिनाचं चाक वरनं त्यात बसतं, पण चढ एवढा उभा झाला की ते चाक दात्यांवरनं वर उचललं जाऊन सुटू शकतं, आणि सुटलं की संपलंच. लोखरने काय केलं, दाते पट्टीच्या दोन्ही बाजूंना कापले आणि दोन चाकं आडवी बसवली, एक डावीकडनं एक उजवीकडनं, रसवंतीच्या चरकात ऊस दोन लाटांमध्ये धरला जातो तशी ती मधली पट्टी दोन्हीकडनं दाबून धरली जाते. त्यामुळे चाक वर उचललं जायचा प्रश्नच मिटला आणि गाडी बाजूला उलथायचीही भीती गेली. हे सगळं जेसीबी नाही, हेलिकॉप्टर नाही अशा काळात, इटलीहून आलेल्या मजुरांनी कातळात खोदून केलंय. १८८६ ला काम सुरू आणि १८८९ ला माणसं वर. १९३७ साली वीज आली, आता २०२३ पासनं नवीन डबे आलेत, मोठ्या काचांचे, पण दात्यांची पद्धत तीच, लोखरचीच. रेल्वेत काम करणारं कुणी घरात असेल (सोलापुरात तर घरटी एखादं असतंच) तर त्यांना हे दाखवायला तरी न्या.

डब्याची रचनाच पायऱ्या-पायऱ्यांची आहे, एक कप्पा वर, दुसरा त्याच्या खाली, असं करत, म्हणजे गाडी कितीही तिरकी झाली तरी तुमची सीट सरळ राहते. चढताना आत्या, मिस्टर, लेक आणि मी एकाच कप्प्यात होतो. सुरुवातीला झाडी, मग मोकळी कुरणं आणि गळ्यात मोठ्या घंटा बांधलेल्या गाई, तो आवाज काचेतनंसुद्धा येतो, मग मध्यावर एम्सिगेन नावाचं ठिकाण लागतं तिथे वरनं येणारी गाडी आणि आपली गाडी एकमेकींना ओलांडतात. तिथे सांधे बदलायची पद्धत बघा, आपल्या स्टेशनवर रुळाची पाती सरकते तशी इथे चालत नाही, कारण मध्ये दात्यांची पट्टी आहे ना, रुळाचा सगळा तुकडाच्या तुकडा हलवावा लागतो. मिस्टर तिथे फोटो काढायचं विसरून नुसते बघत राहिले. त्याच्या वर झाडं संपतात आणि कातळ सुरू होतो, शेवटचा टप्पा तर एझेल शिखराच्या उभ्या भिंतीला घासून, एका बाजूला हाताच्या अंतरावर दगड आणि दुसऱ्या बाजूला खाली थेट तळं. आत्यांनी माझा हात घट्ट धरला आणि म्हणाल्या, एवढी उभी चढायलीय की गं, मागं येणार नाही न्हवं? मी त्यांना चरकाचं उदाहरण दिलं तेव्हा कुठे हात सैल झाला.

सीटबद्दल एक सांगते. शक्य असेल तर डब्याच्या सगळ्यात खालच्या कप्प्यात बसा, काच मागे तोंड करून आहे, तळं आणि दरी पूर्णवेळ दिसते. त्यासाठी रांगेत थोडं लवकर जावं लागतं. आणि गाडीनेच परत उतरायचं ठरवलं तर वेळ थोडा जास्त धरा, उतरताना ती हळू चालवतात.

वर पोहोचलं की स्टेशन, दोन हॉटेलं, मोठी गच्ची. थंडी खालच्यापेक्षा साधारण दहा अंशांनी जास्त. सोलापुरात आपण ४२-४३ डिग्रीतनं निघालेली माणसं, त्यामुळे जूनमध्येसुद्धा स्वेटर आणि कानटोपी पाहिजेच. समोर बर्फाच्या शिखरांची रांग, खाली लुसर्नचं तळं फाटे फुटल्यासारखं पसरलेलं, आणि दुसरीकडे वाकून बघितलं तर लुसर्न शहर, काल आपण ज्या पुलावरनं वर बघत होतो तो पूल शोधायला लेकीने दुर्बीण सोडलीच नाही.

एझेल शिखरावर जायला पायऱ्या आहेत, गच्चीवरनं दहा-पंधरा मिनिटं, रेलिंग पक्कं आहे, गुडघे बरे असतील तर नक्की चढा, माथ्यावरनं चारी बाजू मोकळ्या. ज्यांना चढवत नाही त्यांनी ड्रॅगनची वाट करावी, कातळातनं कोरलेला सपाटसा रस्ता आहे, मध्येमध्ये दगडातच खिडक्या ठेवल्यात, प्रत्येक खिडकीतनं वेगळं दृश्य. आत्यांनीसुद्धा तो हळूहळू पूर्ण केला. मात्र बर्फ असला की ती वाट बंद ठेवतात. गच्चीवर पिवळ्या चोचीचे काळे पक्षी असतात, अल्पाइन चफ नाव त्यांचं, अगदी पायाशी येतात. पहाटे किंवा संध्याकाळी वाकड्या शिंगांचे आयबेक्सही दिसतात म्हणे, आम्हाला दुपारी दिसले नाहीत, त्यासाठी वर हॉटेलात मुक्काम करावा लागेल.

आता या डोंगराच्या गोष्टी, कारण त्या माहीत असल्या तर वर फिरताना वेगळंच वाटतं. येशूला सुळावर चढवायची शिक्षा देणारा रोमन सुभेदार पाँटियस पिलाट, त्याचं प्रेत कुठल्याच नदीला ठेवून घेववेना, जिथे टाकावं तिथे वादळं, शेवटी या डोंगरावरच्या एका लहान तळ्यात आणून टाकलं, आणि त्याला कुणी छेडलं की तो खवळून लुसर्नवर वादळ सोडतो, अशी तिकडची जुनी समजूत. नुसती आजीची गोष्ट नव्हे, लुसर्नच्या सरकारने डोंगर चढायला बंदीच घातली होती, १३८७ साली सहा पाद्री बंदी मोडून निघाले तर त्यांना शिक्षा झाली. १५५५ साली कोनराड गेस्नर नावाचा मोठा निसर्गअभ्यासक चढला तो परवानगी काढून. मग १५८५ साली लुसर्नच्याच एका पाद्र्याने लोकांना बरोबर घेऊन वर जाऊन सगळ्यांदेखत तळ्यात दगड मारले, भूताला ललकारलं, काही झालं नाही, आणि १५९४ साली ते तळं फोडून पाणी सोडून दिलं. शेकडो वर्षांची भीती अशी दोन टप्प्यात संपवली त्या लोकांनी. मी बराच वेळ याचाच विचार करत होते. आपल्याकडे बाराव्या शतकात सिद्धरामेश्वरांनी तळं खोदून घेतलं, गावाला पाणी मिळावं म्हणून, आजही आपण तिथे हात जोडतो, आणि इकडे त्याच्यानंतरच्या काळात एक अख्खं गाव एका तळ्याला घाबरून डोंगराला पाय लावत नव्हतं. ड्रॅगनच्याही गोष्टी आहेत, १४२१ साली एका शेतकऱ्याला ड्रॅगन उडताना दिसला आणि त्याच्यापासनं एक दगड पडला म्हणतात, तो ड्रॅगनचा दगड लुसर्नच्या म्युझियममध्ये ठेवलाय. म्हणूनच सगळीकडे लाल ड्रॅगनचं चित्र. लहान मुलं बरोबर असतील तर त्यांना या गोष्टी आदल्या रात्री सांगून ठेवा, आमची लेक वर प्रत्येक कपारीत डोकावत होती.

इंग्लंडची राणी व्हिक्टोरिया १८६८ साली वर गेली होती, तेव्हा रेल्वे नव्हती, जनावराच्या पाठीवर बसून गेली.

जेवणाचं. वर रेस्टॉरंट आहेत, शाकाहारी मिळतं, रोश्टी म्हणजे किसलेल्या बटाट्याचा खरपूस थर, आणि आल्पलरमाग्रोनेन म्हणजे मॅकरोनी, बटाटा, चीज आणि सोबत सफरचंदाचा गोड रस्सा, लेकीला ते फार आवडलं. आपल्या जिभेला मात्र सगळं सपक. स्वित्झर्लंडमध्ये बाहेर खाणं महाग आहेच, डोंगरावर आणखी, त्यामुळे एक डिश घेऊन चौघांनी चव बघितली आणि बाकी पोट भरलं ते घरच्या शिदोरीने. कडक भाकरी आणि शेंगाची चटणी. मी तर म्हणेन युरोपला जाणाऱ्या सोलापूरकराने बॅगेत दुसरं काही विसरलं तरी चालेल, कडक भाकरी विसरू नये, दिवसेंदिवस खराब होत नाही, वजन नाही, गरम करायची भानगड नाही. बाहेरच्या बाकावर बसून खाल्लं तर कुणी काही म्हणत नाही, रेस्टॉरंटच्या टेबलावर मात्र स्वतःचा डबा उघडू नका, आणि कचरा, चटणीची पिशवी सगळं परत बॅगेत. ती जागा इतकी स्वच्छ ठेवलीय त्यांनी, आपल्या लोकांमुळे तिथे नाव खराब होऊ नये एवढीच माझी विनंती.

उतरायला आम्ही दुसरी बाजू धरली, तुम्हीही तीच धरा, आलेल्या वाटेने परत जाऊ नका. वरनं ड्रॅगन राइड नावाची मोठी केबल कार, २०१५ पासनं सुरू आहे, साधारण ५५ माणसं बसतात, चार मिनिटांच्या आत फ्रेकम्युन्टेग नावाच्या मधल्या स्टेशनला सोडते. कातळाच्या कड्यावरनं ती अलगद खाली सुटते तेव्हा पोटात गोळा येतो, पण डबा अजिबात हलत नाही. फ्रेकम्युन्टेगला मुलांसाठी खेळायला बरंच आहे, दोरांचं पार्क आहे आणि उन्हाळ्यात चालणारी टोबोगन, १३५० मीटरची, स्वित्झर्लंडमधली सगळ्यात लांब म्हणतात, छोट्या गाडीत बसायचं, ब्रेकचा दांडा आपल्या हातात, आणि वळणं घेत खाली, मग दोरीने गाडी आपोआप वर ओढून आणतात. तिथला वेळ धरूनच दिवस आखा, लेकीला तिथनं हलवायला आम्हाला लई समजूत घालावी लागली. पाऊस पडला की टोबोगन बंद असते. तिथनं पुढे पायथ्याच्या क्रिएन्स गावापर्यंत चार माणसांच्या छोट्या गोंडोल्याने अर्धा तास, खाली नुसती पाइनची गच्च झाडी आणि शांतता, आत्यांना सगळ्या ट्रिपमध्ये हाच भाग सगळ्यात जास्त आवडला, चालणं नाही, पायऱ्या नाहीत, आपल्या चौघांशिवाय डब्यात कुणी नाही. क्रिएन्सला थोडं चालून १ नंबरची सिटी बस, ती थेट लुसर्न स्टेशनला.

पैशाचं स्पष्ट सांगते, तिकीट स्वस्त नाही. स्विस ट्रॅव्हल पास असेल तर पिलाटसवर ५० टक्के सूट मिळते, पूर्ण फुकट नाही. शेजारचा रिगी डोंगर पासवर फुकट आहे, म्हणून बरेच लोक रिगी करतात आणि पिलाटस सोडतात. रिगी चांगलाच आहे, त्याची रेल्वे तर १८७१ ची, पिलाटसच्याही आधीची, बजेट अगदीच ताणलं असेल तर रिगी करा, वाईट वाटून घ्यायचं कारण नाही. पण निम्मं तिकीट भरायची ऐपत असेल तर मी पिलाटसच सांगेन, ती रेल्वे आणि तो कातळ दुसरीकडे मिळणार नाही. तिकीट काढताना 'चढताना रेल्वे, उतरताना केबल कार' असं सांगून काढा.

दुसरं, महिना बघा. कॉगव्हील रेल्वे मेपासनं नोव्हेंबरपर्यंतच चालते, हिवाळ्यात बंद. केबल कार हिवाळ्यातही चालते, मध्ये दुरुस्तीचे काही दिवस सोडून. म्हणजे दिवाळीच्या सुट्टीत जाणार असाल तर तारखा आधी वेबसाइटवर तपासा, आणि एप्रिलच्या सुट्टीत जाणार असाल तर रेल्वे मिळणार नाही असंच धरून चाला. मेच्या शेवटचा आठवडा ते सप्टेंबर सगळ्यात चांगलं. रविवारी तिथली स्थानिक मंडळीच मोठ्या संख्येने डोंगरावर येतात, बूट-काठ्या घेऊन आजी-आजोबांसकट, बघायला छान वाटतं पण रांगा वाढतात, मधला वार निवडा. सकाळी चढायचं आणि दुपारी उतरायला लागायचं, संध्याकाळच्या शेवटच्या गाड्यांच्या भरवशावर राहू नका, शेवटच्या केबल कारची वेळ वर पोहोचल्या पोहोचल्या बघून ठेवा.

टूर कंपनीबरोबर जाणाऱ्यांनी बुकिंगच्या वेळीच विचारा, पिलाटस आहे का, असेल तर रेल्वेने आहे का केबल कारने, आणि वर किती वेळ देणार. तीन तासांपेक्षा कमी देत असतील तर त्यांना स्पष्ट नाही म्हणा आणि तो दिवस मोकळा मागा. लुसर्न स्टेशनच्या आजूबाजूला मुक्काम असेल तर आणखी चांगलं.

आणि तिकीट काढायच्या आधी, खिडकीवर जायच्या आधी, पिलाटसच्या वेबसाइटवर माथ्यावरचा लाइव्ह कॅमेरा दिसतो तो उघडा. खाली ऊन असलं तरी वर नुसतं धुकं असू शकतं आणि मग भिंतीशिवाय काही दिसत नाही, पैसे वाया. कॅमेऱ्यात पांढरं दिसत असेल तर त्या दिवशी वर जाऊच नका, लुसर्नचं ट्रान्सपोर्ट म्युझियम करा, जुनी इंजिनं, विमानं, मुलांना अर्धा दिवस पुरतं, आणि डोंगर दुसऱ्या दिवसावर टाका. म्हणून लुसर्नला एकच रात्र ठेवू नका, दोन तरी ठेवा.